उगवतीकडचा बिल्ला

बाई, परवा तुमची तेरवी झाली. आज सकाळी दुकानाचं शटर वर केलं अन् पहिलं काम काय केलं असन, तं तुमच्या जाग्याची झडती घेतली. खरं सांगते, लपवत नाई. मशीनचा ड्रॉवर, बॉबिनचा डबा, गादीखालचा कागद, सगळं उलटून पाह्यलं. मले वाटलं, माणूस जाते तं मागं काहीतरी ठेवते, एखादी चिठ्ठी, एखादी खूण. तुमाले लिहिता येत नव्हतं हे ठाऊक असून मी चिठ्ठी शोधत होती. सापडलं काय? तीन बॉबिन, एक मोडकी सुई अन् आवळासुपारीची अर्धी पुडी.

गेलेल्या माणसाबद्दल वाईट बोलू नाई म्हणतात. मी वाईट नाई बोलत, मी विचारून राह्यली. सहा वर्षं झाले, एकच गोष्ट विचारून राह्यली. कधी तोंडानं, कधी नजरेनं, कधी कात्री आपटून. ते साठ टी-शर्ट तुमी मुद्दाम बिघडवले होते का?

मी या घरात धाकटी सून होऊन आली तवा मले साधं काजं करता येत नव्हतं. तुमी मोठी जाऊ. पहिल्याच आठवड्यात तुमी मले पायमशीनवर बसवलं अन् म्हणाल्या, "सुनंदे, हात सरका राह्यला पायजे, डोकं वाकडं असलं तं चालते." मी तवाच मनात टिपून ठेवलं, की ह्या कोणाच्या डोक्याले वाकडं म्हणून राह्यल्या. पुढं शेलूबाजारच्या रोडावर आपण ही पत्र्याची खोली घेतली. मधी लांब टेबल. तुमी भिंतीच्या अंगाले, मी दाराच्या अंगाले, समोरासमोर. बाहेर बोर्डावर नाव एकट्या तुमचं. शेजारची चहावाली पहिल्याच दिवशी म्हणली, "दोघी जावा एका टेबलावर? पाहू मंग किती दिवस टिकते." आपण टिकलो. पण कसं टिकलो ते आपल्यालेच माहीत.

तुमी इंझोरीच्या. अर्धं आयुष्य वावरात गेलेलं. डावं-उजवं हे शब्द तुमच्या तोंडात कधी आलेच नाई. सगळं उगवतीकडं, मावळतीकडं. बैलही उगवतीकडचा अन् मावळतीकडचा, अन् ब्लाउजची बाहीसुद्धा. "मावयतीकडची बाही सैल कर वं," म्हटलं की गिऱ्हाईक बाई तोंडाकडे पाहत राहे, अन् मी मान वर करून पाहून घेई की तुमी नेमकी कोणती धरली आहे. तेवढं पाह्यलं की काम बरोबर होये. म्हणून मले त्याचं कधी काही वाटलं नाई.

ते वर्ष शाळेच्या टी-शर्टांचं. दर साली आपण खिशावाले शर्ट शिवत होतो, बिल्ला खिशावर. खिसाच सांगे की बिल्ला कुठं बसवायचा. त्या साली हेडमास्तर म्हणाले, पंधरा ऑगस्टच्या कवायतीले पोट्ट्यांसाठी तयार टी-शर्ट आणले आहे, आभाळी रंगाचे, तुमी फक्त इस्त्रीनं चिकटणारे बिल्ले लावून द्या. आणखी एक गोष्ट बोलून गेले. म्हणाले, "पुढच्या सालपासून ऑर्डर धाकट्या बाईच्या नावानं काढू. त्यांचं लिहिणं-वाचणं आहे, कागदपत्राले बरं पडते." मी तुमच्या तोंडाकडे पाह्यलं. तुमी दोरा दातानं तोडला अन् म्हणाल्या, "हो, तिच्याच नावानं टाका." बस, एवढंच. इतक्या सहज कोण मानते वो? मले तं तवाच काळंबेरं वाटलं.

दोन दिवसांनी सकाळी तुमी तुमच्या जाग्यावर पहिला टी-शर्ट पसरला, बिल्ला ठेवला, वर सुती फडकं टाकून इस्त्री दाबली. मले म्हणाल्या, "हा असा. उगवतीकडच्या अंगाले. आता बाकीचे तू कर." अन् तो नमुन्याचा टी-शर्ट पिशवीत घालून तुमी आधी शाळेत दाखवाले अन् मंग वाशीमले इलास्टिक आणाले निघाल्या. जीप रोडावर हॉर्न वाजवत होती. मी मागून ओरडून विचारलं, "बाई, उगवतीकडंच ना?" तुमी जीपमधून हात केला, "हो वं माय, उगवतीकडंच!" हे चहावालीनंही ऐकलं. मी तिले नंतर साक्षीले उभी केली होती, आठवते ना?

मी दिवसभर बसून एक एक टी-शर्ट केला. माह्या जाग्यावर, गळा टेबलाच्या मधाकडं, खालची किनार माह्याकडं, बिल्ला उगवतीकडच्या अंगाले. उगवतीकडं आपली खिडकी आहे, त्यात चुकणार काय? मनात एकदा आलं होतं, बापा, बिल्ला तं काळजाच्या बाजूले असते. पण म्हटलं, बाईनं सांगितलं, नमुना केला, हेडमास्तरांनी पाह्यला असन, आपण कोण शहाण्या? सगळ्या टी-शर्टांची घडी घालून थप्पी लावली. संध्याकाळी तुमी आल्या, वरचा एक उचलला, झटकला, स्वतःच्या छातीले लावून पाह्यला अन् मटकन खाली बसल्या.

"अवो माय, सारे उलटे लावले का?"

"तुमी म्हणाल्या तसेच लावले."

"मी उगवतीकडं म्हनलं होतं!"

"मी उगवतीकडंच लावले!"

"मंग हे मावयतीकडं कसे गेले? पाय फुटले का त्याइले?"

ते भांडण आजपर्यंत तिथंच थांबलं आहे. तुमी म्हणत होत्या ते खरं, मी म्हणत होती तेही खरं, अन् टी-शर्ट दोघींले खोटं पाडत होते. दुसऱ्या दिवशी सकाळी हेडमास्तर आले. मले वाटलं, आता ऑर्डर तं गेलीच, इज्जतही गेली. तुमी उभ्या राह्यल्या अन् म्हणाल्या, "गुर्जी, चूक माही हाय. सुनंदीनं मी सांगितलं तसंच केलं." भासरे, म्हणजे तुमचे मालक, तिथंच दारात उभे होते. सगळ्याइच्या समोर तुमच्यावर ओरडले, की अक्कल काय वावरात ठेवून आली का? तुमी खाली पाहत राह्यल्या. त्या दिवसापासून बाजारात तुमाले 'उलट्या बिल्ल्याची निर्मला' म्हणाले लागले.

अन् माह्या मनात काय आलं, ऐका. लाज वाटते, पण ऐका. मले वाटलं, फसली. बाई आपल्याच तोंडानं फसली. चोर असल्याबिगर कोणी कबूल करते का? ऑर्डर माह्या नावानं होणार म्हणून हिनं मले उलटं सांगितलं, अन् आता मन खाते म्हणून अंगावर घेते.

त्यात तुमच्या पिशवीतून नेलपॉलिश काढाच्या औषधाची बाटली निघाली. नवी, सीलबंद. मी डोळे फाडून पाहत राह्यली. तुमी आयुष्यात कधी नखं रंगवले नाई. वाशीमहून इलास्टिक आणाले गेलेली बाई ही बाटली कशाले आणते? म्हणजे रोग द्याच्या आधीच दवा घेऊन ठेवली! मी विचारलं तं म्हणाल्या, "राहू दे, कामी येते." कोणाच्या कामी, ते सांगितलं नाई.

पण ते तीन दिवस मी विसरणार नाई, बाई. पंधरा ऑगस्ट तोंडावर, अन् साठ टी-शर्टांवरून चिकटलेले बिल्ले काढाचे. तुमी अन् भासरे दिवाळीनंतर सुरतेले कामाले जात होते त्या सालात तुमी तिथं कापडाच्या कारखान्यात हे शिकल्या होत्या. बिल्ल्यावर फडकं, वरून इस्त्री, मनात दहापर्यंत आकडे, अन् गरम असतानाच कोपरा धरून ओढाचा. बोटं भाजत. बिल्ला निघे, पण खाली गोंद राहे, बांगडीएवढा गोल, गोगलगाय चालून गेल्यासारखा चकचकीत. तुमाले न विचारता मी त्यावर घासलेट चोळून पाह्यलं. गोंद तसाच, वरून पिवळा डाग अन् वास. तुमी तो टी-शर्ट माह्या हातातून घेतला, बाजूले ठेवला. शिव्या दिल्या असत्या तं बरं झालं असतं.

मंग तुमी दाखवलं. डागाखाली खाकी कागद, वर खाकी कागद, कोरडी इस्त्री. कागद गोंद ओढून घेते. दर वेळी नवा कागद, नाई तं ओढलेला गोंद परत कापडाले लागते. कागदाले येणं बंद झालं की कोल्ड्रिंकवाल्याकडचा बर्फ डागावर धराचा, गोंद कडक झाला की चमच्याच्या पाठीनं खरडाचा. नखानं नाई, नखानं धागा निघते. उरलेल्यासाठी टी-शर्ट उलटा कराचा, खाली जुनं धोतर, अन् मागून त्या बाटलीतल्या औषधाचा कापूस टिपत जाचा. आधी खालच्या किनारीवर एक थेंब टाकून पाहाचा, रंग जाते का. शेवटी गरम साबणाचं पाणी. "पुरा निघेपर्यंत इस्त्री फिरवू नको," तुमी सांगत होत्या, "नाई तं मुरते." औषधाच्या वासानं माह्यं डोकं भणभणे, तवा तुमी मले दारात बसवून टोपलंभर कापूस पिंजाले लावला. गोंद गेलेले बिल्ले तुमी हातशिलाईनं टाचले, ह्या खेपेले काळजाच्या अंगाले. बारीक टाके, पाठीमागून दिसतही नव्हते. चौदाच्या दुपारी सगळे टी-शर्ट शाळेत पोचले. पंधराले पोट्टे कवायत करत होते अन् आपण दोघी कंपाउंडच्या भिंतीबाहेर उभ्या होतो. तुमी माह्या भाजलेल्या बोटाइले खोबऱ्याचं तेल लावत होत्या. त्या वेळी मले रडू आलं होतं, अन् तुमाले कळू नाई म्हणून मी नाक शिंकरलं होतं. हे मी कोणाले सांगितलं नाई.

अन् त्याच वेळी माह्या ट्रंकेत एक टी-शर्ट होता. हो. मीच गायब केला होता. बिल्ला काढलेला, गोंद तसाच, चुकीच्या बाजूले. पुरावा म्हणून. तुमी थप्पी दोनदा मोजली, माह्याकडे पाह्यलं, अन् शाळेनं जास्तीचे दिले होते त्यातला एक काढून भरती केली. तेही न बोलता. तुमचं न बोलणं मले बोलण्यापेक्षा जास्त डसे.

पुढच्या साली ऑर्डर खरंच माह्या नावानं निघाली. तुमी चूक अंगावर घेतली म्हणून निघाली, हे मले समजत नव्हतं असं नाई. पण एवढे उपकार कोणी फुकट करते का, हा किडा डोक्यात. मी तुमचं एकही माप मंग डोळे मिटून घेतलं नाई. तुमी टेप लावून झाली की मी परत लावे. तुमी सांगितलेलं गिऱ्हाइकापुढं मोठ्यानं म्हणून दाखवे, साक्षीदार पाहिजे म्हणून. तुमी दिलेला चहा आधी तुमी पेल्यावर पेत होती, आता सांगाले काय जाते. तुमाले हे दिसत होतं. तुमी हसत. एकदा म्हणाल्या, "सुनंदे, तुह्या सावलीलेही तू पावती मागशीन."

आणखी एक. दर दोन-चार महिन्याइले तुमाले हुक्की येई. "आज माह्या जाग्यावर बसून पाय वं. तो टी-शर्टचा धंदा झाला होता ना, तसं एखादं कापड पसरून पाय इकडून." मले वाटे, वा रे वा! भिंतीकडचा जागा म्हणजे वरून पत्रा तापते, वारा लागत नाई. दारातल्या जाग्यावर पहिलं गिऱ्हाईक येते. बाईले माहा जागा पाहिजे! मी म्हणे, "तुमी बसा तिथं, मले इथंच बरं." तुमी म्हणत, "बरं बाई, तुही मर्जी." सहा वर्षं तुमी म्हणत राह्यल्या अन् मी खुर्चीले चिकटून राह्यली.

अकोल्याच्या दवाखान्यात मी डबा घेऊन आली होती तवा खोलीत आपण दोघीच. म्हटलं, विचारून घ्यावं, आता नाई तं कधी? मी तोंड उघडलं, अन् तुमी म्हणाल्या, "आपल्या टेबलाचा एक पाय हालते. लाकडाची पाचर लाव." मी म्हटलं, झालं, बाईनं विषय टाळला. साबुदाण्याची खिचडी तुमी दोन घास खाल्ली. मी काहीच न विचारता परत आली. त्यानंतर तुमच्याशी बोलणं झालं नाई.

तं आज सकाळी, झडतीत काही सापडलं नाई म्हणून मी घरून तो टी-शर्ट आणला. माया आली म्हणून नाई. तुमची पोरगी घरातल्या साऱ्या ट्रंका उघडून सामान आवरून राह्यली, तिच्या हाती लागला तं ती विचारन, काकू, हे काय? म्हटलं, गोंद काढून टाकावा अन् पोछ्याले वापरावा. माह्या बाजूचा प्लग मागच्या महिन्यात जळला, तुमालेही माहीत आहे. म्हणून इस्त्री तुमच्या बाजूले लावली. कापूस, खाकी कागद, सगळं घेऊन तुमच्या जाग्यावर उभी राह्यली. टी-शर्ट पसरला, गळा पुढं, किनार माह्याकडं.

गोंद मावळतीकडं दिसला.

मी खिडकीकडे पाह्यलं. ऊन येऊन राह्यलं होतं. उगवती तिकडंच होती, कुठं गेली नव्हती. परत टी-शर्टाकडे पाह्यलं. मी तं हा बिल्ला उगवतीकडं लावला होता! मंग मी टेबलाच्या इकडून कल्पना केली, तुमी उभ्या आहा, खिडकी तुमच्या उजव्या हाताले, तुमी बिल्ला उगवतीकडच्या अंगाले ठेवला. बरोबर काळजावर येते. अन् माह्या बाजूनं खिडकी डाव्या हाताले. तोच शब्द, तीच खिडकी, तोच टी-शर्ट, माह्या बाजूनं बिल्ला नेमका उलट्या छातीवर जाते. तुमी खोटं बोलल्या नव्हत्या. मी चुकली नव्हती. आपल्या मधी फक्त टेबल होतं.

इस्त्री तापत राह्यली, मी खुर्चीत बसली ते उठलीच नाई. मंग ध्यानात आलं, तुमी काहून म्हणत होत्या, इकडं बसून पाय. तुमाले समजलं होतं. अन् मी तुमाले माह्या जाग्याची चोर समजत होती. बाई, मले माफ करा. असं मी आजपर्यंत कोणाले म्हटलं नाई, तुमाले ठाऊक आहे.

गोंद काढला, पण पुरता निघाला नाई. सहा वर्षांचा झाला, पिवळा पडला. कागद लावला, बर्फ लावला, औषध टिपलं, तरी एक कडा राह्यलीच. बाटलीचं मात्र अजूनही खटकते. वाशीमहून ती बाटली तुमी काहून आणली होती? हा हिशोब काही लागला नाई.

शटर अर्धं ओढून मी घरी गेली. भासरे ओसरीत बसले होते. या घरात मी कधी त्याइच्या समोर उभी राहून बोलली नाई, पदर घ्यावा अन् भिंतीले सांगावं, हीच आपली रीत. आज पदर घेतला, पण तोंड त्याइच्याकडे केलं. म्हटलं, "दादाजी, ते टी-शर्टवाली चूक बाईची नव्हती. तुमी त्या दिवशी सगळ्याइसमोर त्याइले बोलले. त्याइनं बरोबर सांगितलं होतं. मी दुसऱ्या बाजूले बसली होती, म्हणून उलटं झालं."

त्याइनं मान वर केली. माह्या तोंडाकडे पहिल्यांदा पाह्यलं असन. म्हणाले, "मले ठाऊक हाय. तिनं मले दुकानात नेऊन दोन्ही बाजूनं उभं करून दाखोलं होतं. त्याच साली, दिवाईच्या आधी."

"मंग मले काहून नाई सांगितलं?"

"मीही तेच म्हनलं. तं म्हने, सांगून सुनंदीले पटनार नाई. तिले वाटन, बाईनं दोन महिने बसून बहाना शोधून काढला. तिच्या डोयानं दिसलं तवाच खरं मानन." त्याइनं डोळे पुसले. "मी म्हनलं, अन् नाईच दिसलं तं? तं म्हने, येईन वो ती एखाद्या दिवशी इकडं बसाले. कायची घाई हाय."

बाटलीचं विचारलं. म्हणाले, "कोनती बाटली?"

मी दुकानात परत आली. दारातून माह्या खुर्चीपाशी थांबली, अन् तिथून टेबलाले वळसा घालून तुमच्या जाग्यापर्यंत चालत गेली. चार पावलं आहे, बाई. सहा वर्षं तुमी बोलवत राह्यल्या, अन् माह्यानं चार पावलं चालणं झालं नाई.